कल्पित विश्वातील काळाचा प्रश्न : व्हर्लिन फ्लीगर यांच्या टॉल्किनविषयक ग्रंथाचे विवेचन

प्रस्तावना

अद्भुतरम्य साहित्यात काळाशी खेळ करणारी जादू हा जुना आणि लोकप्रिय विषय आहे. परीलोकात एक रात्र काढून परतलेल्या माणसाला आपल्या गावी शंभर वर्षे उलटलेली दिसतात, ही कल्पना जगातील अनेक लोककथांत आढळते. आपल्याकडील भागवत पुराणातील राजा ककुद्मीची कथा याच जातीची आहे. आपली कन्या रेवती हिला योग्य वर कोणता, हे विचारण्यासाठी तो ब्रह्मलोकी गेला. तेथे चाललेले गंधर्वगान संपेपर्यंत तो क्षणभर थांबला, आणि तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटून गेली. त्याने मनात योजलेले सर्व वर आणि त्यांचे वंशजही काळाच्या उदरात गडप झाले होते. लोककथांच्या अभ्यासकांनी या कल्पनाबंधाला स्वतंत्र क्रमांक देऊन त्याची नोंद केलेली आहे.

परंतु एखाद्या आधुनिक लेखकाने हाच कल्पनाबंध हाती घेतला, तर तो केवळ चमत्कार म्हणून वापरावयाचा, की त्यामागे काळासंबंधी काही विचार उभा करावयाचा, हा प्रश्न उरतोच. जे. आर. आर. टॉल्किन (१८९२–१९७३) यांच्या साहित्याच्या संदर्भात या प्रश्नाचा सर्वांत सखोल विचार अमेरिकन अभ्यासक व्हर्लिन फ्लीगर यांनी आपल्या 'अ क्वेश्चन ऑफ टाइम' या ग्रंथात केला. केंट स्टेट युनिव्हर्सिटी प्रेसने १९९७ साली प्रसिद्ध केलेल्या या ग्रंथास १९९८ साली मिथोपोइक सोसायटीचा विद्वत्तापूर्ण ग्रंथासाठीचा पुरस्कार लाभला, आणि टॉल्किनच्या अभ्यासात तो आजही आधारभूत मानला जातो. प्रस्तुत लेखात या ग्रंथाची मध्यवर्ती मांडणी, तिला आधारभूत असलेला कालसिद्धान्त, टॉल्किनच्या कथानकातील प्रत्यक्ष पुरावे आणि या मांडणीच्या मर्यादा यांचा क्रमाने परामर्श घेतला आहे.

ग्रंथ आणि ग्रंथकर्तीची भूमिका

टॉल्किन हे ऑक्सफर्ड विद्यापीठात प्राचीन इंग्रजी भाषेचे प्राध्यापक होते. त्यांची 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' ही तीन खंडांतील कादंबरी १९५४ व १९५५ या वर्षांत प्रसिद्ध झाली. तिच्यातील 'मध्यभूमी' हे कल्पित विश्व स्वतःचा भूगोल, भाषा, वंशावळी आणि दिनदर्शिका घेऊन उभे राहते. यामुळेच टॉल्किन हे भूतकाळात रमलेले, आधुनिक जगाकडे पाठ फिरविलेले लेखक होत, असा एक समज दीर्घकाळ रूढ होता. फ्लीगर यांचा ग्रंथ या समजालाच आव्हान देतो. त्यांच्या मते टॉल्किन हे मनाने जितके मागे पाहणारे होते तितकेच विसाव्या शतकाचे अपत्य होते. पहिल्या महायुद्धात, १९१६ साली, सोमच्या रणभूमीवर उतरलेला आणि आपल्या जिवलग मित्रांपैकी बहुतेकांना गमावून बसलेला हा लेखक काळाकडे निव्वळ स्मरणरंजनाच्या दृष्टीने पाहूच शकत नव्हता. त्याच्या पिढीपुढे काळ हा एक प्रश्न म्हणूनच उभा होता.

फ्लीगर यांनी यापूर्वी १९८३ साली 'स्प्लिंटर्ड लाइट' या ग्रंथात टॉल्किनच्या भाषाविचाराचा व प्रकाशाच्या प्रतिमेचा अभ्यास केला होता. दुसऱ्या ग्रंथाकडे वळताना त्यांच्या हाती एक नवी सामग्री आलेली होती. टॉल्किनचे पुत्र क्रिस्टोफर यांनी वडिलांच्या हस्तलिखितांचे संपादन करून १९८३ ते १९९६ या काळात मध्यभूमीच्या निर्मितीचा इतिहास बारा खंडांत प्रसिद्ध केला. मसुदे, खोडलेली पाने, अर्धवट सोडलेल्या कादंबऱ्या हे सर्व अभ्यासकांना त्यामुळे प्रथमच उपलब्ध झाले. फ्लीगर यांचा ग्रंथ ही मालिका पूर्ण झाल्यानंतर अवघ्या वर्षभरात आला. छापील कादंबरीत जे अनुत्तरित दिसते, त्याची उत्तरे लेखकाने मसुद्यांत कशी शोधून पाहिली, हे तपासण्याची त्यांची पद्धत या सामग्रीवरच उभी आहे.

डन यांचा कालसिद्धान्त

फ्लीगर यांच्या मांडणीचा कणा म्हणजे जे. डब्ल्यू. डन (१८७५–१९४९) यांचा कालसिद्धान्त. डन हे व्यवसायाने तत्त्वज्ञ नव्हते. ते ब्रिटिश सैन्यातील अधिकारी आणि विमानविद्येतील अभियंते होते, आणि शेपटीविना उडणाऱ्या विमानांच्या रचनेत त्यांनी महत्त्वाचे प्रयोग केले होते. १९२७ साली त्यांचे 'अॅन एक्स्पेरिमेंट विथ टाइम' हे पुस्तक प्रसिद्ध झाले आणि दोन महायुद्धांमधील इंग्लंडात त्याची मोठी चर्चा झाली. नाटककार जे. बी. प्रीस्टली यांनी त्यावरून प्रेरणा घेऊन नाटके लिहिली, बोर्हेस यांनी त्यावर निबंध लिहिला, तर नाबोकोव्ह यांनी १९६४ साली डन यांच्या पद्धतीने स्वतःच्या स्वप्नांच्या नोंदी ठेवल्या.

डन यांचा आरंभ स्वतःच्या स्वप्नांपासून झाला. १९०२ साली ते दक्षिण आफ्रिकेत सैन्याच्या छावणीत असताना एक बेट ज्वालामुखीच्या स्फोटाने उद्ध्वस्त होणार असून चार हजार माणसे मरणार आहेत, असे स्वप्न त्यांना पडले. पुढे वृत्तपत्र हाती आले तेव्हा मार्टिनिक बेटावरील पेले पर्वताच्या उद्रेकाची बातमी त्यात होती. मृतांचा अंदाज मात्र चाळीस हजारांहून अधिक असा छापलेला होता. डन यांनी घाईत तो आकडा चार हजार असा वाचला होता, आणि ही चूक त्यांच्या ध्यानात फार उशिरा आली. यावरून त्यांनी काढलेला निष्कर्ष विलक्षण होता. स्वप्नात आपणास दिसले ते दूर बेटावरील संकट नसून, पुढे येणारा आपला स्वतःचाच वृत्तपत्रवाचनाचा अनुभव होय, आणि म्हणूनच त्यातील वाचनदोषही स्वप्नात उतरला, असे त्यांनी प्रतिपादिले.

या निष्कर्षाला त्यांनी सैद्धान्तिक रूप दिले. काळ वाहतो असे आपण म्हणतो. पण वाहणाऱ्या वस्तूची गती मोजावयाची तर दुसरा एक काळ हवा. त्या दुसऱ्या काळाची गती मोजण्यास तिसरा हवा, आणि ही मालिका अनंत होते. प्रत्येक काळाबरोबर त्याचा एक द्रष्टाही मानावा लागतो. हा विचार एका दृष्टान्ताने स्पष्ट करता येईल. पोथीचे पारायण करणाऱ्या माणसाचे बोट एका वेळी एकाच ओळीवर असते, परंतु आधीचे व पुढचे सर्व अध्याय त्याच वेळी पोथीत लिहिलेले असतातच. जागेपणी आपले लक्ष बोटासारखे ओळीला बांधलेले असते. निद्रेत ती पकड सैल होते आणि मागची-पुढची पाने सरमिसळ होऊन डोळ्यांपुढे येतात. स्वप्न हे भूत आणि भविष्य या दोहोंच्या प्रतिमांचे मिश्रण असते, हा डन यांचा दावा असा होता.

हा सिद्धान्त शास्त्रज्ञांनी व तत्त्वज्ञांनी मान्य केला नाही, हे येथे स्पष्टपणे नोंदविले पाहिजे. सी. डी. ब्रॉड यांच्यासारख्या तत्त्वज्ञांनी त्याची कठोर चिकित्सा केली. काळांची अनंत मालिका मानल्याने मूळ प्रश्न सुटत नाही, तो केवळ एक पायरी पुढे ढकलला जातो, हा आक्षेप बिनतोड आहे. जुळलेली स्वप्ने लक्षात राहतात व न जुळलेली विसरली जातात, ही अडचण वेगळीच. तथापि साहित्याच्या अभ्यासकास सिद्धान्त खरा की खोटा यापेक्षा तो लेखकाच्या कल्पनेस कोणते साधन पुरवितो, हा प्रश्न अधिक महत्त्वाचा वाटतो. फ्लीगर यांनी नेमका हाच प्रश्न विचारला आहे.

दोन अपूर्ण कादंबऱ्या

टॉल्किन यांचे मित्र सी. एस. लुइस आणि टॉल्किन यांनी १९३६–३७च्या सुमारास आपसांत एक ठराव केला होता. लुइस यांनी अवकाशप्रवासाची कथा लिहावयाची आणि टॉल्किन यांनी कालप्रवासाची. लुइस यांचा ठराव १९३८ साली प्रसिद्ध झालेल्या 'आउट ऑफ द सायलेंट प्लॅनेट' या कादंबरीने फळास आला. टॉल्किन यांची 'द लॉस्ट रोड' मात्र काही प्रकरणांपलीकडे गेली नाही. १९३७च्या नोव्हेंबरमध्ये ती प्रकाशकांकडे पाठविली गेली, परंतु ती स्वीकारली गेली नाही. त्याच वर्षाच्या डिसेंबरमध्ये टॉल्किन यांनी हॉबिटांच्या नव्या कथेचे पहिले प्रकरण लिहावयास घेतले. पुढे हीच कथा 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' झाली. एका वाटेचे दार बंद होणे आणि दुसरीचे उघडणे या दोन घटना एकमेकींच्या इतक्या जवळ आहेत.

'द लॉस्ट रोड'मध्ये कोणतेही यंत्र नाही. अल्बॉइन नावाच्या प्राध्यापकास स्वप्नांत अज्ञात भाषांतील शब्द ऐकू येतात, आणि त्या शब्दांच्या वाटेने तो समुद्रात बुडालेल्या न्यूमेनॉर बेटापर्यंत मागे जातो. प्रत्येक युगात पिता-पुत्राची एक जोडी असावी आणि त्यांच्या नावांचा अर्थ तोच राहावा, अशी योजना होती. अल्बॉइन, प्राचीन इंग्रजीतील एल्फवाइन आणि न्यूमेनॉरचा एलेंडिल ही तिन्ही नावे 'एल्व्ह लोकांचा मित्र' या एकाच अर्थाची आहेत. कालप्रवासाचे वाहन येथे भाषा आणि वंशागत स्मृती हे आहे.

दुसरा प्रयत्न १९४५–४६ सालचा. 'द नोशन क्लब पेपर्स' या अपूर्ण कादंबरीत ऑक्सफर्डमधील एका काल्पनिक साहित्यमंडळाच्या १९८०च्या दशकातील बैठकांची टिपणे आहेत. त्यातील एक सभासद स्वप्नाच्या शिक्षणाने मन दूरस्थ स्थळी व काळी नेण्याची पद्धत विशद करतो. पुढे न्यूमेनॉरच्या विनाशाचे वादळ त्या सभासदांच्या वर्तमानात येऊन आदळते. हे वादळ टॉल्किन यांनी जून १९८७ मध्ये कल्पिले होते, आणि दक्षिण इंग्लंडास प्रत्यक्ष महावादळाने ऑक्टोबर १९८७ मध्येच झोडपले. हा योगायोगच होय, परंतु डन यांना तो खचितच आवडला असता.

फ्लीगर यांच्या मते या दोन्ही रचनांतील स्वप्न, द्रष्टा आणि एकाच वेळी अस्तित्वात असलेला सर्व काळ ही त्रयी डन यांच्या विचाराशी इतकी जुळते की तिच्याकडे दुर्लक्ष करता येत नाही. या दोन कादंबऱ्या अपुऱ्या राहिल्या, पण त्यांतील विचार वाया गेला नाही. तो मुख्य कादंबरीच्या अंतरंगात मुरला, आणि त्याचे सर्वांत स्पष्ट दर्शन लॉथलोरिएन या वनप्रदेशात घडते.

लॉथलोरिएन : चंद्राची साक्ष

लॉथलोरिएन हे गॅलाड्रिएल या एल्व्ह राणीचे राज्य. गँडाल्फच्या पतनानंतर शोकाकुल प्रवासी तेथे आश्रय घेतात, काही काळ विसावतात आणि नौकांतून पुढे निघतात. वाटेत सॅम हा साधा हॉबिट आकाशाकडे पाहून गोंधळतो. वनात शिरल्या रात्री चंद्र पौर्णिमेनंतर आठवडाभर क्षीण झालेला होता. निघाल्यानंतर सातव्या रात्री त्याला नखाच्या कडेएवढी नवी चंद्रकोर दिसते. म्हणजे पौर्णिमेपासून अमावास्येपर्यंतचा पंधरवडा प्रवासातच पुरा झाला. मग त्या वनात घालविलेले दिवस गेले कोठे? सॅमला तीन रात्री नक्की आठवतात, आणखी काही अंधुकशा आठवतात, परंतु महिना खचितच झाला नाही, अशी त्याची खात्री आहे.

कादंबरीच्या परिशिष्टातील कालपट पाहता प्रवासी १५ जानेवारीच्या रात्री त्या वनात होते आणि १६ फेब्रुवारीस तेथून निघाले. म्हणजे बाहेरच्या जगात महिनाभराचा काळ लोटला होता. येथे टॉल्किन यांच्या रचनेतील चातुर्य ध्यानात घेण्यासारखे आहे. चांद्रमास सुमारे साडेएकोणतीस दिवसांचा असतो. मुक्काम जवळजवळ नेमका एका चांद्रमासाइतका असल्याने चंद्र पुन्हा त्याच कलेवर येतो. त्यामुळे शून्य दिवस गेले की एक महिना गेला, याचा निवाडा केवळ चंद्राकडे पाहून करताच येत नाही. सॅमने आकाशाचे वाचन अचूक केले आहे, आणि तरीही ते त्यास सत्य सांगण्यास असमर्थ आहे.

या कोड्यावर नौकेतील चौघे चार उत्तरे देतात. सॅम घटका-दिवसांचा हिशेब मांडतो. फ्रोडोस वाटते की आपण त्या प्रदेशात अन्यत्र केव्हाच सरून गेलेल्या काळात होतो. लेगोलास हा एल्व्ह असल्याने तो काळ कोठेच थांबत नाही असे म्हणतो. मात्र बदल आणि वाढ सर्वत्र सारखी नसते, असेही तो सांगतो. एल्व्ह लोकांना जग अतिशय वेगाने व अतिशय संथपणे जाताना दिसते. ते स्वतः फारसे बदलत नाहीत आणि बाकी सर्व भराभर निघून जाते, म्हणून वेगाने. आणि आपली वर्षे मोजण्याची त्यांना गरज नाही, म्हणून संथपणे. अखेरीस अॅरागॉर्न वस्तुस्थिती सांगतो की बाहेर जुना चंद्र मावळला, नवा वाढून क्षीण झाला, आणि पुन्हा नवा उगवला.

ही चार उत्तरे म्हणजे लेखकाच्या मनातील वादाचेच रूप होय, हे मसुद्यांवरून दिसून येते. क्रिस्टोफर टॉल्किन यांनी १९८९ साली प्रसिद्ध केलेल्या सातव्या खंडात लोरिएनमधील काळाविषयी एक स्वतंत्र टीप दिली आहे. काळ तेथे थांबतो, की निराळ्या वेगाने जातो, की बाहेरच्यासारखाच जातो, याविषयी टॉल्किन यांनी निरनिराळे पर्याय मांडून पाहिले होते. शेवटी त्यांनी दिनदर्शिकेच्या बाजूने कौल दिला. मात्र फ्रोडोचे म्हणणे त्यांनी खोडून टाकले नाही. फ्लीगर यांच्या विवेचनाचा मर्मभाग येथे आहे. त्यांच्या मते टॉल्किन यांना वस्तुनिष्ठ काळ आणि अनुभूत काळ या दोहोंपैकी एकाचा त्याग करावयाचा नव्हता. डन यांच्या विचारात काळाची व्याप्ती द्रष्ट्याच्या अवधानावर अवलंबून असते. त्यामुळे एकाच वनात एकाच महिन्यात सॅमचे तीन दिवस, फ्रोडोचे प्राचीन युग आणि अॅरागॉर्नचा एक चांद्रमास हे सर्व एकत्र नांदू शकतात.

केरिन अॅमरोथ टेकडीवरील प्रसंग याची पुष्टी करतो. डोळ्यांवरील पट्टी काढल्यावर फ्रोडोस आपण एका लुप्त जगावर उघडणाऱ्या खिडकीतून आत आलो आहोत असे वाटते, आणि केव्हाच नाहीशा झालेल्या सागरकिनाऱ्यांचा नाद त्याच्या कानी येतो. त्याच टेकडीवर तो अॅरागॉर्नला पाहतो, तेव्हा तो त्याला तरुण राजपुत्राच्या रूपात दिसतो. आणि त्याच ठिकाणी निवेदक वाचकास सांगतो की अॅरागॉर्न जिवंतपणी येथे पुन्हा कधीही आला नाही. भूत, वर्तमान आणि भविष्य असे एकाच टेकडीवर, एका पृष्ठाच्या अवकाशात एकत्र येतात.

स्वप्नांचे पुरावे

स्वप्नांच्या बाबतीतही फ्लीगर यांचे वाचन मार्मिक आहे. टॉम बॉम्बाडिलच्या घरी फ्रोडोस दोन रात्री दोन स्वप्ने पडतात. पहिल्या स्वप्नात एका उंच मनोऱ्यावरून गरुड एका वृद्धास उचलून नेतो. पुढे एलरॉन्डच्या सभेत गँडाल्फ आपल्या सुटकेची हकीकत सांगतो, तेव्हा ते स्वप्न कशाचे होते हे फ्रोडोस उमगते. परंतु सुटका स्वप्नाच्या आठवडाभर आधीच घडून गेलेली असते, आणि स्वप्न उशिरा पोहोचले, अशी टिप्पणी गँडाल्फ स्वतःच करतो. दुसऱ्या स्वप्नात पावसाच्या पडद्यापलीकडे हिरवागार प्रदेश उजळताना दिसतो. हे दृश्य कादंबरीच्या अखेरच्या पानांत, फ्रोडो जगाचा निरोप घेऊन समुद्रपार जातो तेव्हा, प्रत्यक्षात येते. म्हणजे लागोपाठच्या दोन रात्रींत एक स्वप्न मागे गेलेले आणि दुसरे तीन वर्षे पुढे गेलेले आहे. स्वप्नसामग्रीत भूत व भविष्य यांचे मिश्रण असते, या डन यांच्या प्रतिपादनाचे याहून नेटके साहित्यिक रूप सापडणे कठीण.

याच मालिकेत फॅरामिरचे स्वप्न येते. भूमीवर चढून येणाऱ्या प्रचंड हिरव्या लाटेचे हे स्वप्न टॉल्किन यांना स्वतःस वारंवार पडत असे. आपल्या एका पुत्रासही ते न सांगता पडत होते, आणि ते आपण फॅरामिरला देऊन टाकले, असे त्यांनी पत्रांत नमूद केले आहे. 'द लॉस्ट रोड'मधील वंशागत स्मृतीची कल्पना केवळ पुस्तकी नव्हती, हे यावरून ध्यानात येते.

काळ थांबविण्याची किंमत

आतापर्यंतचे विवेचन काळाच्या स्वरूपाविषयी झाले. परंतु जादूचा विचार करताना ती कोण, कशासाठी आणि कोणत्या मोबदल्यात करतो, हे प्रश्न टाळता येत नाहीत. लोरिएनचे अम्लान सौंदर्य गॅलाड्रिएलच्या बोटातील नेन्या या अंगठीमुळे टिकून आहे. १९५१च्या सुमारास प्रकाशक मिल्टन वॉल्डमन यांना लिहिलेल्या दीर्घ पत्रात टॉल्किन यांनी सर्व अंगठ्यांची प्रमुख शक्ती क्षय रोखणे अथवा मंद करणे ही होती, असे स्पष्ट केले आहे. मध्यभूमीतील कालजादू म्हणजे काळात मागे-पुढे जाण्याची विद्या नसून जे प्रिय आहे त्यास झिजू न देण्याची विद्या आहे.

ही इच्छा निर्मळ भासते. तथापि टॉल्किन यांनी तिच्याकडे निःशंक दृष्टीने पाहिलेले नाही. १९५४ सालच्या एका पत्रात त्यांनी एल्व्ह लोकांची तुलना मृतदेहास मसाला लावून जपणाऱ्यांशी केली आहे. मध्यभूमीत राहावयाचे, तेथील श्रेष्ठत्व उपभोगावयाचे, आणि तरीही बदलास सामोरे जावयाचे नाही, ही त्यांची दुर्बलता होय, असा त्या पत्राचा आशय आहे. याच दुर्बलतेचा फायदा घेऊन सॉरॉनने त्यांना अंगठ्या घडविण्याच्या विद्येत गुंतविले. म्हणून लोरिएनचे भवितव्य त्या एका दुष्ट अंगठीशी बांधले गेले. ती सॉरॉनच्या हाती गेली तर लोरिएनचा नाश होणार. ती नष्ट झाली तर नेन्याची शक्ती लोपून काळाचा ओघ लोरिएनला वाहून नेणार. गॅलाड्रिएल हे जाणते, आणि फ्रोडोने देऊ केलेली अंगठी ती नाकारते. आपल्या राज्याच्या सुंदर स्थिरतेचा अंत ती स्वतः स्वीकारते, हेच या प्रसंगाचे खरे गांभीर्य आहे.

त्या निर्णयाची परिणती परिशिष्टातील आर्वेनच्या कथेत दिसते. अॅरागॉर्नच्या मृत्यूनंतर ती लोरिएनमध्ये परत येते. तेव्हा गॅलाड्रिएल निघून गेलेली असते, वन निःशब्द झालेले असते. ज्या केरिन अॅमरोथवर पूर्वी फुले कोमेजत नव्हती, तेथेच ती हिवाळ्याच्या अखेरीस, वसंत येण्यापूर्वी, देह ठेवते. काळ अखेर आत आला आहे.

या संदर्भात एका गोष्टीकडे लक्ष वेधावेसे वाटते. निरोपाच्या वेळी गॅलाड्रिएल सॅमला एक लहानशी पेटी देते. तिच्यात बागेतील माती आणि मॅलॉर्न वृक्षाचे एक बी असते. युद्धानंतर उजाड झालेल्या शायरमध्ये सॅम ती माती कणाकणाने वाटतो आणि ते बी पेरतो. पुढील वसंतात त्यास अंकुर फुटतो. लोरिएनमधून जगात खरोखर उरले ते थांबविलेल्या काळातील काही नव्हते. उरले ते काळाच्या स्वाधीन केलेले एक बीज. ज्या सॅमला त्या वनातील काळाचा हिशेब लागला नव्हता, त्याच्याच हातून हे घडावे, हे अर्थपूर्ण आहे. जपणे आणि वाढविणे यांतील भेद टॉल्किन यांनी येथे कोणतेही भाष्य न करता दाखविला आहे.

मांडणीच्या मर्यादा

फ्लीगर यांच्या प्रतिपादनाचे मोल मान्य करूनही काही शंका उपस्थित होतात. पहिली प्रभावाच्या प्रश्नाविषयी आहे. 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'च्या छापील संहितेत डन यांचा उल्लेख नाही. तेथील त्यांचा प्रभाव हे साम्यावरून केलेले अनुमान आहे. लुइस यांच्या 'द डार्क टॉवर' या अपूर्ण कथेत डन यांचा नामनिर्देश असल्याने मित्रवर्तुळात त्यांची चर्चा होती हे निश्चित, परंतु त्यावरून प्रत्येक स्वप्नाचे मूळ डन यांच्यात शोधणे सयुक्तिक ठरणार नाही. स्वप्नांतून भविष्य दिसणे ही कल्पना मध्ययुगीन साहित्यात सर्वत्र आहे, आणि टॉल्किन हे त्या साहित्याचे जाणकार होते.

दुसरी शंका मसुद्यांच्या वापराविषयी आहे. मनोऱ्याच्या स्वप्नाचे तपशील व स्थान मसुद्यांत बदलत गेलेले आहे. तेव्हा स्वप्न व घटना यांतील अंतर हे काही अंशी तारखांच्या फेरबदलातून उद्भवले असण्याची शक्यता नाकारता येत नाही. अर्थात त्या विसंगतीकडे गँडाल्फच्या तोंडून लक्ष वेधून लेखकाने ती राखून ठेवली, हेही तितकेच खरे.

तिसरी मर्यादा भर देण्याविषयी आहे. कालानुभवाच्या तात्त्विक बाजूवर भर दिल्यामुळे दिनदर्शिकेच्या बाजूचे महत्त्व कमी लेखले जाण्याचा संभव आहे. टॉल्किन यांनी चंद्रकला आणि दिवस यांचा मेळ घालण्यासाठी घेतलेले परिश्रम हा कादंबरीचा बाह्य सांगाडा नव्हे. लोरिएनमधील गूढ आपणास जाणवते ते बाहेरचा काळ अचूक मोजलेला असल्यामुळेच. मोजपट्टीच नसती तर विलंब आणि वेग या दोहोंना अर्थ उरला नसता.

समारोप

वरील विवेचनावरून पुढील गोष्टी स्पष्ट होतात. 'अ क्वेश्चन ऑफ टाइम' या ग्रंथाने टॉल्किनच्या कल्पित विश्वाला विसाव्या शतकातील कालचिंतनाच्या संदर्भात ठेवले, आणि अद्भुतरम्य साहित्य हे वर्तमानापासूनचे पलायन होय या सरसकट विधानास अभ्यासपूर्ण उत्तर दिले. डन यांचा सिद्धान्त विज्ञान म्हणून टिकला नाही, तरी साहित्याचे साधन म्हणून त्याने मोलाचे काम केले, हे या ग्रंथावरून दिसून येते. लोककथेतील परीलोकाचा कल्पनाबंध टॉल्किन यांनी स्वीकारला, पण त्याला बाहेरून लादलेल्या शापाचे किंवा चमत्काराचे रूप न ठेवता एका नैतिक निवडीचे रूप दिले.

ककुद्मी परतला तेव्हा त्याचे जग नाहीसे झाले होते, आणि त्यात त्याची निवड काहीच नव्हती. गॅलाड्रिएलपुढे मात्र निवड होती. प्रियजनांचे वार्धक्य, ओळखीच्या गावाचे बदललेले रूप, बोलणारे उरले नाहीत म्हणून लुप्त होणारी एखादी बोली यांना सामोरे जाताना हे सर्व असेच राहावे असे प्रत्येकास वाटते. ती इच्छा समजून घेणे आणि तिची मर्यादा ओळखणे या दोन्ही गोष्टी एकाच वेळी साधणे, हे टॉल्किन यांच्या कालजादूचे सामर्थ्य आहे. फ्लीगर यांचा ग्रंथ त्या सामर्थ्याकडे नेणारी वाट दाखवितो. मराठीतील अद्भुतकथांचा आणि पुराणकथांतील कालकल्पनांचा अभ्यास करू इच्छिणाऱ्यांनाही त्यातील पद्धती, म्हणजे सिद्धान्त, मसुदा आणि अनुभव यांना एकत्र ठेवून वाचण्याची रीत, निश्चितच उपयुक्त ठरेल.